ज्याला मी वांग समजत होते

डॉक्टर हिबा टेबलामागून उठल्या, माझ्या शेजारच्या खुर्चीवर येऊन बसल्या आणि म्हणाल्या, "ग्लोरिया, इट इज लुपस."

डॉक्टर हिबा मूळच्या सुदानच्या. बोलणं इतकं हळू की मला वाटलं आपण काहीतरी चुकीचं ऐकलं. माझ्या नवऱ्याने, विल्सनने, लगेच विचारलं, म्हणजे कॅन्सर का? त्या नाही म्हणाल्या आणि त्यांनी एका कागदावर पूर्ण नाव लिहून दिलं. सिस्टेमिक लुपस एरिथेमेटोसस. आपल्या शरीरात जंतूंशी लढणारी जी यंत्रणा असते ती या आजारात शत्रू ओळखायला चुकते आणि आपल्याच अवयवांवर तुटून पडते. सांध्यांवर, कातडीवर, कधी किडनीवर. माझ्या बाबतीत ती किडनीपर्यंत पोचली होती. नुकसान किती झालंय ते बायोप्सीनंतर कळणार होतं.

"हा आजार मुळापासून जात नाही, पण सांभाळता येतो," त्या म्हणाल्या. "आणखी तीन महिने गेले असते तर मी तुमच्याशी वेगळं बोलत असते."

त्या वेळी हॉस्पिटलच्या पार्किंगमध्ये, एसी चालू ठेवून, एक बाई गाडीत बसून होती. हॉस्पिटलच्या दारातून आत यायला तिने नकार दिला होता. ती नसती तर ते तीन महिने नक्कीच गेले असते. ही हकीकत मी लिहितेय ती तिच्यासाठी थोडी, आणि जिच्या गालावर आज असाच डाग आहे त्या कुणा अनोळखी बाईसाठी जास्त.

*

मी मूळची वसईकडची. अमिरातीतल्या अल ऐनमध्ये आम्हाला अकरा वर्षं झाली. विल्सन एका हॉटेलच्या बँक्वेट विभागात आहे, मी एका खाजगी अमेरिकन अभ्यासक्रमाच्या शाळेत ऍडमिशनच्या ऑफिसात. मुलगी रिया, चौदा वर्षांची, आम्ही मराठीत विचारतो आणि ती इंग्रजीत उत्तर देते.

सुरुवात कशी झाली ते नीट सांगायला हवं, कारण ती सुरुवात वाटतच नाही. सकाळी उठल्यावर हाताची मूठ वळायची नाही. रियाच्या डब्याचं झाकण लावायला मी कोपराने दाबायचे. दहा वाजेपर्यंत बोटं मोकळी व्हायची, मग मी विसरून जायचे. तोंडात, टाळूला फोड यायचे, दुखायचे नाहीत. विंचरताना केस यायचे, पण इथल्या पाण्याने सगळ्यांचेच जातात असं आम्ही सगळ्या म्हणायचो. थकवा मात्र वेगळा होता. दुपारी खुर्चीत बसल्याबसल्या अंगातून कुणी काहीतरी काढून नेल्यासारखं वाटायचं.

आणि गाल. दोन्ही गालांवर, नाकाच्या वरून एकमेकांना जोडलेला, तपकिरी-जांभळट डाग.

मी काळी आहे. सावळी असं आमच्या घरात कुणी म्हणत नसे, काळीच म्हणायचे. लहानपणी आई रविवारी मिस्साला नेण्याआधी माझ्या तोंडाला पावडर लावायची, ती मानेपाशी थांबायची आणि लोक हसायचे. त्यामुळे गाल आणखी काळे पडले तेव्हा मला आजार सुचलाच नाही. वांग आलं, एवढंच वाटलं. वसईला व्हिडिओ कॉल केला की आई म्हणायची, जायफळ उगाळून लाव. नणंद म्हणाली, चाळिशीत येतंच. मी शारजाला, रोल्लाच्या बाजारात गेले की तिथल्या एका दुकानातून गोरं करणारी क्रीम आणायचे, ती आता दोन वेळा लावायला लागले. चेहरा जळजळायचा. मी समजायचे, क्रीम काम करतेय.

आमच्या विम्यात आधी ठरलेल्या क्लिनिकमध्ये जायचं, तिथल्या डॉक्टरने चिठ्ठी दिली तरच स्पेशालिस्ट. तिथले डॉक्टर आपल्याच देशाचे, गोड बोलणारे. पहिल्या वेळी त्यांनी व्हिटॅमिन डी दिलं. दुसऱ्या वेळी ऍलर्जीची गोळी. गाल दाखवले तर म्हणाले, रेडनेस तो कुछ दिखता नहीं. तिसऱ्या वेळी त्यांनी माझं वय विचारलं, घरी काही टेन्शन आहे का विचारलं, आणि मान हलवत म्हणाले, हमारी लेडीज अपना खयाल ही नहीं रखती. मला बरं वाटलं. घरचं माणूस रागावल्यासारखं वाटलं. मी आभार मानून बाहेर पडले.

*

आता यव्होनविषयी. आणि इथे मला माझ्याबद्दलही खरं लिहायला हवं.

त्या वर्षी ऑगस्टच्या शेवटी शाळा सुरू झाली तेव्हा दुसरीच्या एका तुकडीला नवीन अमेरिकन शिक्षिका मिळाली. पालकांना आधीच कळवलेलं होतं, त्यामुळे सगळे खूश होते. पहिल्या दिवशी मिस यव्होन आली. उंच, पन्नाशीची, सेंट लुईस शहरातली, काळी. केस अगदी बारीक कापलेले, हसणं कॉरिडॉरच्या दुसऱ्या टोकाला ऐकू जाईल असं. माझ्या मनात जे वाक्य आलं ते असं होतं: अमेरिकन म्हणजे ही?

तेच वाक्य घेऊन पाच मुलांचे पालक माझ्या टेबलाशी आले. तेवढं उघड कुणी म्हणालं नाही. कुणी म्हणालं ऍक्सेंट समजत नाही, कुणी म्हणालं मूल घाबरतं. वेगवेगळ्या देशांचे होते, एक जोडपं आपलं मराठीही होतं, मंडळाच्या गणपतीला ज्यांच्या शेजारी बसून आम्ही जेवलो होतो. सगळ्यांना तुकडी बदलून हवी होती. त्यासाठी एक फॉर्म असतो, त्यात कारणाचा रकाना असतो. मी पाचही फॉर्मवर एकच कारण लिहिलं, वेळापत्रकाची सोय, आणि खाली सही केली. मराठी जोडप्याला तर मी म्हणाले, मी आहे ना, करते.

माझ्या मनात आणखी एक गोष्ट होती. तिचा पगार माझ्या तिप्पट होता, घर शाळेने दिलेलं, विमा असा की कुठल्याही डॉक्टरकडे थेट जावं. ऑफिसात सगळ्यांना ठाऊक होतं की हा पगार पासपोर्टचा आहे. माझी अकरा वर्षं आणि तिचे अकरा दिवस, असा हिशेब मी मनात करायचे आणि मग त्या सह्या फार जड वाटायच्या नाहीत.

ऑक्टोबरच्या शेवटी एका सकाळी मैदानावरची असेंब्ली संपवून मी आत आले. ऊन तेव्हाही कडक होतं. चेहरा पेटल्यासारखा झाला होता. मी टेबलाशी बसते न बसते तोच यव्होन दारातून तरातरा आत आली. तिच्या हातात तिच्या वर्गाचं हजेरीपत्रक होतं. काहीतरी बोलायला तिने तोंड उघडलं आणि माझ्याकडे बघत तशीच उभी राहिली.

मग तिने विचारलं, "सकाळी तुझी मूठ मिटते का?"

मला राग आला. मी म्हणाले, मी ठीक आहे, काय काम होतं? तिने दार लावलं, समोरची खुर्ची ओढली आणि एकामागून एक विचारत गेली. तोंडात फोड? केस? उन्हातून आल्यावर गाल जास्त होतात? आणि शेवटी, आवाज खाली आणून, लघवीला फेस येतो का?

येत होता. चार-पाच आठवडे येत होता. हे मी विल्सनलाही सांगितलं नव्हतं. माझ्या चेहऱ्यावरूनच तिला उत्तर मिळालं.

ती म्हणाली, शाळा सुटल्यावर गाडीपाशी ये.

*

क्लिनिकमध्ये डॉक्टरांनी माझ्याबरोबर तिला बघून जरा भुवया उंचावल्या. मी नेहमीसारखं अडखळत सांगितलं. लघवीची तपासणी करून हवी आहे, आणि चिठ्ठी हवी आहे. त्यांनी हसून मान हलवली. थोडा ऍनिमिया वाटतोय, आयर्न देतो, इन्शाल्ला महिन्याभरात बरं वाटेल.

यव्होनने आवाज चढवला नाही. "ठीक आहे, डॉक्टर," ती म्हणाली. "मग तिच्या फाईलमध्ये एवढं लिहा. पेशंटने लघवीची तपासणी आणि स्पेशालिस्टची चिठ्ठी मागितली, तुम्ही नाकारली, आणि कारण काय तेही. त्याची एक प्रत आम्हाला द्या."

तुम्ही कुठल्या, त्यांनी विचारलं. ती अमेरिका म्हणाली. पेशंटच्या कोण? ती म्हणाली, मैत्रीण. तोवर आम्ही दोघींनी एकत्र चहासुद्धा घेतला नव्हता.

डॉक्टरांनी चिठ्ठी लिहिली. लघवीची तपासणी तिथेच झाली. अर्ध्या तासात रिपोर्ट आला, प्रोटीन थ्री प्लस. म्हणजे किडनीची चाळणी फाटली होती आणि शरीरात राहायला हवं ते प्रोटीन बाहेर वाहून जात होतं, फेस त्याचाच. डॉक्टरांचा चेहरा उतरला. ते वाईट माणूस नव्हते. त्यांनी माझ्या गालांकडे नीट पाहिलंच नव्हतं, आणि मीही नव्हतं.

गाडीत बसल्यावर यव्होनने चावी लावली नाही. स्टिअरिंगवर दोन्ही हात ठेवून ती समोर बघत बोलली. तिची धाकटी बहीण कार्ला. सेंट लुईसच्या एका हॉस्पिटलच्या इमर्जन्सीमध्ये त्या दोघी तीनदा गेल्या. पहिल्यांदा सांगितलं, काम जास्त झालंय, विश्रांती घे. दुसऱ्यांदा, अंग दुखतंय म्हणून सांगितलं तर तिथल्या डॉक्टरला वाटलं ही नशेच्या गोळ्या मागायला आलीय. तिसऱ्यांदा त्यांनी कार्लाचे गाल पाहिले आणि म्हणाले, पुरळ काही दिसत नाही. पुस्तकात ते पुरळ गोऱ्या गालावर गुलाबी दाखवतात. काळ्या गालावर ते काळंच दिसतं. चौथ्यांदा दाखल करून घेतलं तेव्हा किडन्या जवळपास संपल्या होत्या. कार्ला चौतिसाव्या वर्षी गेली.

"फाईलमध्ये लिहा, हे वाक्य मला तेव्हा माहीत नव्हतं," यव्होन म्हणाली. "तिच्या मातीनंतर आमच्या चर्चमधल्या एका म्हाताऱ्या नर्सने शिकवलं. आमच्याकडे आता आया मुलींना शिकवतात."

थोड्या वेळाने ती हसली, पण ते तिचं नेहमीचं हसणं नव्हतं. "गंमत बघ. याच आवाजात, याच इंग्रजीत मी तिकडेही बोलले होते. तिकडे तो एका काळ्या बाईचा आवाज होता. इथे तो अमेरिकन बाईचा आवाज झाला. तू मागितलंस तेव्हा त्याने आयर्न दिलं, मी मागितलं तेव्हा चिठ्ठी."

माझ्या पाच सह्या मला आठवत होत्या.

*

पुढच्या दोन आठवड्यांत रक्ताच्या एवढ्या नळ्या गेल्या की नर्स मला नावाने ओळखायला लागली. एएनए ही चाचणी, म्हणजे शरीर स्वतःविरुद्ध काही तयार करतंय का ते बघणारी, जोरात पॉझिटिव्ह आली. तिच्यापेक्षा नेमकी अँटी-डीएसडीएनए, तीही पॉझिटिव्ह. वेटिंग रूममध्ये मी तासन् तास बसायचे. टीव्हीवर आवाज बंद करून बातम्या चालू असायच्या. बुरख्यातल्या आज्ज्या, त्यांच्यासोबत त्यांच्या फिलिपिनो किंवा इथियोपियन मदतनीस, मजुरांचे गट एकाच सुपरवायझरसोबत. आजाराच्या बाबतीत तरी इथे सगळे सारखे, असं मी आधी म्हणाले असते. पण कोणाच्या विम्याच्या कार्डावर कुठलं दार उघडतं ते मी त्या खुर्चीवरून बघत होते.

मग डॉक्टर हिबांनी ते नाव सांगितलं. ते मी सुरुवातीलाच लिहिलंय.

बायोप्सीच्या दिवशी मला पालथं झोपवलं. कंबरेच्या वर सुन्न करायचं इंजेक्शन दिलं, सोनोग्राफीच्या पडद्यावर किडनी बघत सुई आत घातली. स्टेपलर मारल्यासारखा खट्ट आवाज येतो. दुखत नाही, आवाजानेच दचकायला होतं. असे तीन आवाज. नंतर सहा तास उताणं पडून राहायचं, कूससुद्धा बदलायची नाही, कारण आतून रक्त येण्याची भीती असते. हे कुणी आधी सांगितलं तर बरं असतं, म्हणून सांगतेय. त्या सहा तासांत पाठ दुखते, तहान लागते, आणि डोकं नको तिकडे जातं.

विल्सनला दुपारी रियाला आणायला जावं लागलं. तो म्हणाला, कुणीतरी येतंय. दार उघडलं आणि यव्होन आत आली. हॉस्पिटलच्या आत. ती भिंतीला धरून चालत आली, खुर्चीवर बसली, आणि बराच वेळ नुसता श्वास घेत राहिली. मग पिशवीतून मुलांच्या वह्या काढल्या आणि हिरव्या पेनाने तपासायला लागली.

मला फक्त छत दिसत होतं. कदाचित त्यामुळेच मला बोलता आलं. मी तिला सगळं सांगितलं. पाच फॉर्म, कारणाचा रकाना, मराठी जोडप्याला म्हटलेलं वाक्य, पगाराचा हिशेब, पहिल्या दिवशी मनात आलेलं तेही.

वहीचं पान उलटल्याचा आवाज आला.

"बावीस होते, सतरा राहिले," ती म्हणाली. "मला मोजता येतं, ग्लोरिया."

मी विचारलं, तुला माहीत होतं?

"फॉर्मवर तुझी सही होती. त्या सकाळी मी तुझ्याशी भांडायलाच आले होते. मग तुझा चेहरा बघितला."

मी रडायला लागले. पाणी कानात जात होतं आणि मला हलता येत नव्हतं. तिने टिश्यू काढून माझ्या हातात दिला, पण तिचा आवाज कोरडा होता. "रडून मला तुझी समजूत काढायला लावू नकोस. ते काम मी आयुष्यभर केलंय. आज मी दमलेय."

मी रडणं थांबवलं. कसं थांबवलं माहीत नाही. ती निघून जाईल असं मला वाटलं, पण तिने विल्सनला शब्द दिला होता. सहा तास पुरे होईपर्यंत ती तिथेच बसली. सतराही वह्या तपासून झाल्या. मधे दोनदा तिने उठून माझ्या तोंडाशी पाण्याची स्ट्रॉ धरली.

त्यानंतर ती अकरा दिवस आली नाही, तिचा फोनही आला नाही.

*

बायोप्सीत क्लास फोर लुपस नेफ्रायटिस निघाला. नेफ्रायटिस म्हणजे किडनीला आलेली सूज, आणि चौथा वर्ग म्हणजे अर्ध्याहून जास्त चाळण्यांना ती पोचलेली. ऐकायला भयंकर आहे. डॉक्टर हिबा म्हणाल्या, सूज उतरवता येते, वण पडले तर ते जात नाहीत, आणि तुमच्यात वण थोडे आहेत. हे वाक्य मी पुढे कित्येक दिवस मनात म्हणत होते. वण थोडे आहेत.

तीन दिवस शिरेतून स्टिरॉइडचे मोठे डोस दिले. मग गोळ्या सुरू झाल्या. तोंडात सतत पैसा चघळल्यासारखी चव, झोप नाही, भूक राक्षसासारखी. तीन आठवड्यांत चेहरा वाटोळा झाला. याला ते मून फेस म्हणतात. रिया म्हणाली, "ममा, यू लुक लाइक अ हॅम्स्टर," आणि हसता हसता तिचं रडणं सुरू झालं. मी तिला कुशीत घेतलं. दुसऱ्या दिवसापासून तिने स्वतःच एक काम उचललं. रोज सकाळी शाळेत जायच्या आधी ती माझ्या तोंडाला, कानांना, मानेला सनस्क्रीन लावते. लुपसला ऊन चालत नाही, आणि आम्ही राहतो अल ऐनमध्ये. मानेपाशी ती थांबत नाही, खाली कॉलरच्या आतपर्यंत लावते.

गोरं करायच्या क्रीमची ट्यूब विल्सनने कचऱ्यात टाकली. मी त्याला सांगितलं नव्हतं, आणि त्याने मला विचारलं नाही.

बायोप्सीनंतर बाराव्या दिवशी संध्याकाळी बेल वाजली. यव्होन दारात उभी होती. हातात एक रुंद कडांची गवती टोपी, बागकाम करणाऱ्या बायका घालतात तशी.

"मी अजून रागावलेलीच आहे," ती म्हणाली. "ही घाल."

मी टोपी घातली. ती आत आली, आणि विल्सनने तिला जेवायला बसवलं. तिला वाटत होतं आम्ही भारतीय म्हणजे मांस-मच्छी खात नसणार, म्हणून ती स्वतःपुरतं चिकन डब्यात घेऊन आली होती. टेबलावर पापलेट बघून ती इतकी हसली की शेजारचे दार उघडून बघायला आले.

*

जानेवारीत मी कामावर गेले. दुसऱ्याच आठवड्यात एक पालक आले, ओळखीचे, पुण्याचे. दुसरीतल्या मुलाची तुकडी बदलून हवी होती. मॅडम, तेवढं बघा ना, इंग्रजीचा प्रश्न आहे. मी फॉर्म काढला आणि कारणाच्या रकान्यात स्पष्ट लिहिलं की शिक्षिका काळी असल्यामुळे पालकांना तुकडी बदलून हवी आहे. फॉर्म त्यांच्याकडे फिरवला आणि सहीची जागा दाखवली.

त्यांनी वाचलं. असं मी कुठे म्हणालो, त्यांनी विचारलं. मी म्हणाले, मग तुम्ही सांगा, मी तसं लिहिते. फॉर्म टेबलावर तसाच ठेवून ते गेले.

आधीचे पाच फॉर्म घेऊन मी प्रिन्सिपलकडेही गेले आणि खरी कारणं सांगितली. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, आता वर्ष अर्ध्यावर आलंय, खलास, राहू द्या. ती पाच मुलं परत आली नाहीत. हे मी यव्होनला सांगितलं नाही. सांगून मला तिच्याकडून काय हवं होतं ते मला कळत होतं, आणि ते मागायचा मला हक्क नव्हता.

हे वाचणाऱ्या बायकांना मी एवढंच सांगेन. सकाळी बोटं मिटत नसतील, लघवीला फेस येत असेल, उन्हातून आल्यावर गाल काळे पडत असतील, तर वांग म्हणून सोडू नका. आपल्या रंगावर लाली दिसत नाही, काळेपणा दिसतो. दिवसाच्या उजेडात फोटो काढून ठेवा. डॉक्टरकडे कुणाला तरी बरोबर घेऊन जा, आणि ते नाही म्हणाले तर ते फाईलमध्ये लिहायला सांगा. बोलताना आवाज थरथरला तरी चालेल. माझाही थरथरतो. आणि तुमच्या घरी काम करणारी, तुमच्या ऑफिसात झाडू मारणारी कुणी असं काही सांगत असेल, तर तिच्याबरोबर तुम्ही जा. ते वाक्य तिच्या तोंडून कुणी ऐकेलच असं नाही.

*

मे महिन्यात प्रोटीन पहिल्यांदा जवळपास नॉर्मल आलं. डॉक्टर हिबांनी पेनाने त्या आकड्याभोवती गोल केला. याला रेमिशन म्हणतात, आजार झोपी गेला असं समजायचं. स्टिरॉइड कमी होत होतं, गाल बसायला लागले होते, डाग फिकट झाले होते पण गेले नव्हते.

मला खूप बरं वाटत होतं, आणि खरं सांगायचं तर गोळ्यांचा कंटाळा आला होता. दिवसाला अकरा गोळ्या. एकदोनदा मी संध्याकाळच्या सोडल्याही होत्या. कुणाला बोलले नव्हते.

त्या शुक्रवारी शाळा लवकर सुटली आणि यव्होनने मला तिच्या घरी नेलं. पाचच्या सुमारास तिने आईला व्हिडिओ कॉल लावला. सेंट लुईसमध्ये तेव्हा सकाळचे आठ वाजले होते. आई ऐंशीच्या पुढची, स्वयंपाकघराच्या टेबलाशी, डोक्याला रेशमी रुमाल. यव्होनने फोन माझ्या हातात दिला आणि ती चहा करायला आत गेली. मला वाटलं, ती मुद्दाम गेली.

मी हॅलो म्हणाले. म्हातारी म्हणाली, "जवळ ये, बेबी. उजेडात."

मी खिडकीपाशी गेले आणि फोन तोंडाजवळ धरला. ती चष्मा वर करून माझे गाल बघत होती. एक गाल, मग दुसरा. माझ्या स्वतःच्या आईने माझा चेहरा असा कधी पाहिला नव्हता, काही काढून टाकायचं नाही, झाकायचं नाही, नुसतं बघायचं. तिचे ओठ हलत होते.

"औषध घेतेस ना?"

मी हो म्हणाले.

"सगळं? पूर्ण?"

मी नजर खाली घातली. ती सावकाश सांगायला लागली. हॉस्पिटलमधून घरी आल्यावर कार्लाची नोकरी गेली, रजा फार झाल्या म्हणून. नोकरीबरोबर विमाही गेला. मग ती गोळ्या सुरीने कापून अर्ध्या करायची, महिनाभराच्या दोन महिने पुरवायची. घरात कुणाला बोलली नाही. बरी दिसत होती ना, म्हातारी म्हणाली, म्हणून कुणी विचारलं नाही. सुरी नंतर मिळाली, तिच्या उशाशी.

चहाचं पाणी उकळल्याचा आवाज येत होता. यव्होन बाहेर आली नाही.

"तुझ्याकडे आत्ता आहेत का गोळ्या?" म्हातारीने विचारलं.

पर्समध्ये होत्या. मी फोन टेबलावर उभा केला, डबी काढली, संध्याकाळच्या चार गोळ्या तळहातावर घेतल्या आणि तिला दाखवल्या. तिने बोट हलवत मोजल्या. मग मी एकेक करून घेतल्या, आणि शेवटची गोळी घेऊन पाण्याचा ग्लास रिकामा होईपर्यंत ती माझ्याकडे बघत राहिली.